दोघांनाही चालणारं नाव

बाबा, काल तुमच्या मुलाने मला मोबाइलवर नावांची एक यादी दाखवली आणि तुम्ही गेल्यानंतर इतक्या वर्षांनी पहिल्यांदाच मला तुमच्याशी बोलावंसं वाटलं. बोलावंसं कसलं, जाब विचारावासा वाटला. तो आता अबू धाबीजवळ मोहम्मद बिन झायद सिटीत राहतो. आपल्या दुबईतल्या देराच्या दोन्ही खोल्या त्याच्या नुसत्या हॉलमध्ये मावतील. सुनेला नववा लागलाय. मुलगा की मुलगी ते इथले डॉक्टर सरळ सांगतात, पण या दोघांना म्हणे सरप्राइज हवंय, म्हणून नावही दोघांना चालेल असंच हवंय. मी होणारी आत्या, म्हणून पुण्याहून महिनाभर आधीच येऊन बसले आहे. तर हा सोफ्यावर आडवा पडून एकेक नाव वाचतोय, नावापुढे देश, अर्थ, मूळ, सगळं दिलेलं. वाचता वाचता म्हणाला, "साशा. रशियन. बॉय ऑर गर्ल, बोथ. माणसांचं रक्षण करणारा. मूळचं ग्रीक. ताई, धिस इज नाइस, नो?" मी म्हटलं, बरं आहे, पुढचं वाच. इतक्या चटकन म्हटलं की माझा मलाच संशय आला. आई शेजारी मेथी निवडत बसली होती. ती काय म्हणाली ते सांगते, पण शेवटी. आधी माझं ऐकून घ्या.

मी संशयी आहे हे तुम्हाला ठाऊकच आहे. कुणी गोड बोललं की हा आपल्याकडून काय नेणार, हे मी आधी बघते. नवरा वेळेवर घरी आला तरी विचारते, आज लवकर कसा? हे आईकडून आलं असं तुम्ही म्हणायचात. पण आई मनातलं बोलून मोकळी होते आणि भांडी घासायला जाते. मी बोलत नाही, मी मुरवत ठेवते. आणि याची सुरुवात आईपासून नाही झाली बाबा, तुमच्या ऑफिसात झाली.

मी नऊ वर्षांची होते. त्या वर्षी आई पोट घेऊन हॉस्पिटलात गेली आणि रिकाम्या हाताने घरी आली. मला आठ दिवस शारजाला तुमच्या मित्राकडे ठेवलं होतं. तिथल्या काकू माझ्या ताटात न मागता दुसरा गुलाबजाम वाढायच्या, तेव्हाच मी ओळखलं की काहीतरी झालंय. परत आले तर आई भिंतीकडे तोंड करून पडलेली आणि तुम्ही स्वयंपाकघरात खिचडी ढवळत उभे. मी विचारलं बाळ कुठे, तर तुम्ही म्हणालात, देवाघरी गेलं. मी विचारलं, भाऊ होता का बहीण? तुम्ही पळीला चिकटलेली खिचडी पातेल्याच्या काठावर झटकलीत आणि म्हणालात, "बाळ होतं." एवढंच. मला वाटलं, माझ्यापासून काहीतरी लपवताय. वाटलं कसलं, लपवतच होतात.

त्याच आठवड्यातल्या गुरुवारी आईला जरा झोप लागावी म्हणून तुम्ही मला ऑफिसात घेऊन गेलात. नाइफच्या गल्लीतलं ते कार्गोचं ऑफिस मला अजून जसंच्या तसं दिसतं. दारात वजनाचा मोठा काटा, आत छतापर्यंत गाठी, पांढऱ्या प्लॅस्टिकच्या कापडात शिवलेल्या, वर काळ्या रंगाने मोठाल्या अक्षरांत गिऱ्हाइकाचा मार्का. त्या वर्षांत सगळी देरा रशियन गिऱ्हाइकांनी भरलेली असायची. बायका एकट्या विमानाने यायच्या, चार दिवसांत कोट, चादरी, टीव्ही, भांडी असं मिळेल ते घ्यायच्या आणि तुमच्याकडे आणून टाकायच्या. त्यांचे मार्के लिहिता यावेत म्हणून तुम्ही त्यांची अक्षरं शिकलात आणि त्या तुमच्याकडून, दुकानदारांकडून मोडकंतोडकं हिंदी शिकल्या. गाठी शिवणारे मामा रत्नागिरीकडचे. त्यांनी मला एका गाठीवर बसवलं, हातात गोड काळा चहा दिला आणि बाहेर ओरडले, "यल्ला, साशा मॅडमचा माल उतरवा!" आणि मी काचेच्या पार्टिशनमधून बघते, तर तुमच्या टेबलापाशी एक बाई बसली आहे. जाड, गोरी, चाळिशीची, एवढ्या उकाड्यात चामड्याचं जाकीट घातलेली. तुमचा हात टेबलावर आहे आणि त्याच्यावर तिचा हात. ती एका कागदावर काहीतरी लिहिते, कागद तुमच्याकडे सरकवते, तुम्ही ते हळू आवाजात वाचता. ओठांवरून मला कळलं. साशा. मग तुम्ही चष्मा काढून डोळे पुसलेत. मी चहा तसाच खाली ठेवला.

मी आईला सांगितलं. आज कबूल करते, त्याच संध्याकाळी सांगितलं, आणि होतं त्याहून थोडं वाढवून सांगितलं. आमच्या बिल्डिंगमधल्या बायका रशियन बायकांचा विषय निघाला की आवाज बारीक करायच्या आणि पोरींना आतल्या खोलीत पिटाळायच्या. आतल्या खोलीतून सगळं ऐकू येतं हे त्यांना कधी सुचलं नाही. त्या बिचाऱ्या गाठी वाहून दमलेल्या बायकांबद्दल आम्हाला काय माहीत होतं? काही नाही. पण मला वाटत होतं की सगळं माहीत आहे. आई भिंतीकडून वळलीसुद्धा नाही. म्हणाली, असू दे, झोप जा. मी ठरवलं की हिच्यात आत्ता ताकद नाही, तर लक्ष मीच ठेवायचं. पुढची दोन वर्षं मी तुमच्यावर डोळ्यांत तेल घालून लक्ष ठेवलं. तुमच्या शर्टाचा वास घेतला. तुमची खिशातली डायरी चाळली. महिन्यातून एकदा तरी त्यात रशियन अक्षरांत, तिच्या गाठींवर दिसायचं तेच, चार अक्षरी नाव असायचं. तुम्ही मार्का लिहून ठेवायचात हे मला कळण्यासारखं होतं, पण मला कळून घ्यायचंच नव्हतं.

मग आईला परत दिवस गेले. पाचवा महिना असेल, आपण जेवायला बसलो होतो, भेंडीची भाजी होती, आणि तुम्ही एकदम म्हणालात की या बाळाचं नाव साशा ठेवू. मी ताटातून मान वर केली. तुम्ही अगदी मास्तरांसारखं समजावलंत. मूळ नाव अलेक्झांडर, मुलगी असेल तर अलेक्झांड्रा. ग्रीक शब्द, माणसांचं रक्षण करणारा. रशियात त्याचं घरगुती रूप साशा. आपल्याकडे कसं घरी बाळ्या म्हणतात आणि शाळेत वेगळं नाव असतं, तसं. फक्त तिथे मुलगा असो की मुलगी, हाक एकच. त्यामुळे आधीच ठरवून टाकता येतं. आईने विचारलं, अलेक्झांडर म्हणजे तो सिकंदरच ना? तुम्ही उत्साहाने हो म्हणालात, अरब लोक इस्कंदर म्हणतात, आमच्या ऑफिसचा ड्रायव्हर आहे ना, त्याच्या मुलाचं नाव. "मग सिकंदरच ठेवा की सरळ," आई म्हणाली, "सासूबाई आरती घेऊन उभ्या राहतील." मी हसले, तुम्हीही हसलात. आई हसली नाही. तिने ताट उचललं आणि मोरीकडे जाता जाता म्हणाली, "ते नाव माझ्या घरात परत नको." माझी खात्रीच पटली. म्हटलं, पाणी मुरतंय ते हिलाही कळलंय.

तुमचं दोघांचं त्यावर मोठं भांडण झालं नाही. तसं झालं असतं तर बरं झालं असतं. तुम्ही मध्येच तोड काढलीत, नाव ठेवायचा मान आत्याचा, ती सांगेल ते. आई लगेच कबूल झाली, कारण वन्सं सोवळ्यातल्या, त्या कसलं रशियन नाव ठेवतात. शिवाय तिने गुपचूप सांगलीला पत्र टाकून आपल्या पसंतीचं नाव आत्याला कळवलं होतं. पत्राच्या पाकिटावर पत्ता मीच घातला, म्हणून मला माहीत. तुम्हीही आपल्या बहिणीला काहीतरी कळवलं असणार हे मात्र आम्हा दोघींच्या डोक्यात आलं नाही. एवढ्या संशयी बायका आणि नेमकं तिथेच चुकलो.

भाऊ झाला. आत्याचा तर पासपोर्टच नव्हता, ती कुठून येणार? तेव्हा आपल्या लोकांनी शोधून काढलेला मार्ग म्हणजे फोन. बारशाच्या शुक्रवारी सकाळी आठ-दहा बायका जमल्या, पलीकडच्या करामा वस्तीतल्या कुणाकडून पाळणा मागून आणला होता, आणि फोनची वायर पाळण्यापर्यंत पोचेना म्हणून पाळणाच फोनपाशी ओढून आणला. रिसीव्हर बाळाच्या कानाला लावायचं काम माझ्याकडे. आत्या कानात नाव सांगते तेव्हा बाकीच्या बायका तिच्या पाठीत धपाटे घालतात. आता आत्या सांगलीला, तर धपाटे कुणाला घालायचे? मला. मी वाकले, रिसीव्हर बाळाच्या कानाशी धरला आणि माझाही कान तिथेच चिकटवला. आत्याचा आवाज समुद्रापलीकडून आला, पण खणखणीत आला. "कुर्र... साशा. तुझ्या बापाचा शब्द मोडवत नाही रे बाळा, सुखी राहा." पाठीत धपाधप बसत होते आणि मला काही लागत नव्हतं. मग फोन ठेवला आणि सगळ्या एकदम विचारायला लागल्या, काय गं, काय सांगितलं आत्याने?

मी आईकडे बघितलं. पाटावर बसली होती, नवी साडी, ओटीत नारळ, आणि तोंडावर रंग नाही. मी अकरा वर्षांची होते, बाबा. मला वाटलं, त्या जाकिटवाल्या बाईचं नाव आता जन्मभर या घरात हाक मारून बोलवायचं, आणि तेही आईने. मी आईच्या पत्रातलं नाव सांगितलं. मोठ्याने, न अडखळता. बायकांनी पाळणा म्हणायला सुरुवात केली, आई रडायला लागली, सगळ्यांना वाटलं आनंदाने रडते. तुम्ही दारात पेढ्यांचा बॉक्स घेऊन उभे होतात. तुम्ही माझ्याकडे बघितलंत, मग म्हणालात, "छान." आणि पेढे वाटायला लागलात. भावाचं नाव या पत्रात मी लिहीत नाही, ते माझ्या खोट्यातून आलंय.

दुपारी पाळणा परत द्यायला आपण दोघं निघालो. लिफ्टमध्ये पाळणा उभा धरून, मी एका बाजूला, तुम्ही दुसऱ्या. तुम्ही विचारलंत, फोन नीट ऐकू येत होता ना? मी हो म्हटलं. आत्याचा आवाज तसा चांगला आहे, तुम्ही म्हणालात. लिफ्ट खाली पोचली. दार उघडल्यावर बाहेर न पडता तुम्ही म्हणालात, "तू खोटं बोललीस ते मला आवडलं नाही. पण कानात सांगितलेलं नाव कुणाला मागे घेता येत नाही. बाकीचं कागदासाठी असतं." आणि हा विषय आपण दोघांनी पुन्हा काढायचा नाही, असंही. मग कोपऱ्यावरच्या ग्रोसरीतून मला आइस्क्रीम घेऊन दिलंत. मी खाल्लं, पण मनात म्हटलं, ही तोंड बंद ठेवायची लाच आहे. चोराच्या मनात चांदणं म्हणतात ते हेच, पण त्या दिवशी चोर मी होते हे मला कुठे कळत होतं? आत्याला तुम्ही काय समजावलंत कोण जाणे, तिनेही पुन्हा कधी विचारलं नाही. अळीमिळी गुपचिळी.

नऊ वर्षांनी तुम्ही त्याच काट्यापाशी कोसळलात. मी पुण्याला कॉलेजात होते. तेरावा झाल्यावर तुमचं टेबल रिकामं करायला मी नाइफला गेले, कारण आईला त्या गल्लीत जायचं नव्हतं. तुमच्या खणात दोन चष्मे, काळ्या रंगाचा वाळलेला ब्रश, हाजमोल्याची बाटली. आणि दारात, एका गाठीवर, ती बाई. केस पांढरे झालेले, जाकीट नव्हतं, पण ओळखली. मामांनी तिला माझ्याबद्दल सांगितलं असणार. ती उठून आली आणि दोन्ही हातांनी माझा चेहरा धरला. मी मागे सरले. मला तिचा रागच आला, आमच्या माणसासाठी ही कोण रडणार?

तिने त्या बाजारी हिंदीत जे सांगितलं ते असं. तुम्ही त्या गुरुवारी हॉस्पिटलचा कागद घेऊन आला होतात. नावाच्या जागी 'बेबी ऑफ' आणि पुढे आईचं नाव, असं लिहून चालणार होतं. सगळे तसंच लिहितात. पण तुमच्याने ती जागा तशी सोडवेना. तिने विचारलं, मुलगा की मुलगी? तुम्ही मान हलवलीत आणि सांगितलं नाहीत. म्हणालात, बायकोने विचारलं नाही, तिला नसेल ऐकायचं तर मी जगाला कसं सांगू? "मैंने बोला, मेरा नाम ले लो," ती मला म्हणाली, "लडका, लडकी, दोनो को चलता है." तिच्या घरी तिचा आजाही साशा आणि तीही साशा, आजी अंगणातून हाक मारायची तेव्हा दोघं धावायचे. अर्थही तिनेच तुम्हाला सांगितला. एकट्याने जायचं तर राखणारं नाव असलेलं बरं, असं म्हणाली. मग डोळे पुसून तिने मला विचारलं, "छोटा साशा कैसा है? पापा बोलता था, बहुत शैतान." मला कळायला क्षणभर वेळ लागला. ती माझ्या भावाबद्दल विचारत होती. मी म्हटलं, ठीक है.

तेव्हा तुमच्यावरचा संशय फिटायला हवा होता. नाही फिटला. बसमध्ये बसल्या बसल्या माझं डोकं पुन्हा चालू झालं. हिने जे सांगितलं ते खरं कशावरून? तो कागद मला कुठे सापडला नाही. आपलं स्वतःचं नाव कुणी असं उचलून देतं का? आणि तुम्ही नऊ वर्षं तिला छोट्या साशाच्या खोड्या सांगत होतात, घरात मात्र एकदाही ती हाक तुमच्या तोंडातून निसटली नाही. एवढं कसब माणसात कुठून येतं? आज या वयात मी शोधून शोधून एवढंच शोधलंय की मला खुपतं ते दुसरंच. तुम्ही तिच्यासमोर रडलात. आमच्यासमोर खिचडी ढवळलीत. मी नऊ वर्षांची होते, मला तुमच्याबरोबर रडता आलं असतं. हा संशय नाही बाबा, हा राग आहे, आणि तो मी तुमच्यावर अजूनही धरून आहे. आईला यातलं मी काही सांगितलं नाही. मला वाटायचं, ती अजून त्या बाईच्याच सलात आहे, आणि ते मूल मुलगा होतं की मुलगी हे तिने कधी विचारलेलं मी ऐकलं नव्हतं. उगाच राख कशाला उकरायची?

तर काल. भावाने साशा वाचलं, मी पुढचं वाच म्हटलं, आणि आईने मेथीच्या जुडीतून मान वर न करता सांगितलं, "ते नको. ते दिलेलं आहे." भाऊ हसला. दिलेलं? कुणाला? ती म्हणाली, दिलेलं आहे आधीच, दुसरं वाच. तो पुढचं नाव वाचायला लागला. मी तिच्या हातांकडे बघत होते. एक काडी, दोन पानं, एक काडी. ते नाव माझ्या घरात परत नको, म्हणाली होती ती. त्यातलं 'परत' मी एवढ्या वर्षांत ऐकलंच नव्हतं. म्हणजे तिला माहीत होतं. तुम्ही सांगितलंत की तिने तुमच्या खिशातला कागद वाचला, कोण जाणे. अकरा वर्षांची मी समजत होते की आम्ही दोघी एकाच बाईला घाबरतोय. आई त्या बाईला घाबरतच नव्हती. गेलेल्याचं नाव राहिलेल्यावर पडू नये, एवढंच तिला हवं होतं. आणि तुम्हाला ते कुणाच्या तरी अंगावर वाढताना बघायचं होतं. दोघंही बरोबर, आणि मध्ये मी, कानाला फोन लावून.

नंतर स्वयंपाकघरात ती मेथी धूत होती. मी ओट्यापाशी जाऊन उभी राहिले. ती माझ्याकडे न बघताच म्हणाली, नाव चांगलं होतं गं, तुझ्या बाबांनी प्रेमाने ठेवलं होतं. पण जे ज्याला दिलं ते त्याचं, दुसऱ्याला कसं द्यायचं? मग नळ बंद करून म्हणाली, "त्या दिवशी फोनवर वन्संनी माझंच नाव सांगितलं, देवच पावला. नाही तर माझा पोर वाचला नसता, असं वाटायचं मला." बाहेर हॉलमध्ये तिचा पोर, तीस वर्षांचा, सहा फुटी, बायकोला मोठमोठ्याने नावं वाचून दाखवत होता.

हे पत्र घडी घालून माझ्या पासपोर्टच्या पाकिटात ठेवते आहे, टाकायला पेटी कुठली? आईला मी म्हटलं, हो, देवच पावला. ते नाव तुम्ही दोनदा दिलंत, हे मी तिला सांगितलं नाही.